म्हैसूरच्या हत्तीखान्यातून हॉलिवूडच्या पडद्यावर : अभिनेता साबू

१९९०च्या दशकाच्या पूर्वार्धात दूरदर्शनवर दाखविण्यात आलेली 'द जंगल बुक' ही चित्रमालिका अनेकांच्या स्मरणात असेल. चित्रे जपानमधील निप्पॉन अ‍ॅनिमेशन या संस्थेची, हिंदी शीर्षकगीत गुलजार यांचे आणि शेरखानचा आवाज नाना पाटेकर यांचा, असा तो योग होता. कुंचल्यातून उतरलेला तो मोगली घरोघरी पोहोचला. परंतु मोगली मोठ्या पडद्यावर प्रथम अवतरला तो त्याच्या कितीतरी आधी, १९४२ मध्ये, आणि तोही हाडामांसाच्या रूपात. ही भूमिका करणारा साबू हा १८ वर्षांचा तरुण जन्माने म्हैसूर संस्थानातील एका माहुताचा मुलगा होता.

साबूचा जन्म २७ जानेवारी १९२४ रोजी म्हैसूरच्या दक्षिणेला काबिनी नदीकाठच्या कारापूर येथे एका मुस्लिम कुटुंबात झाला. हा सारा परिसर हत्तींचा. रानटी हत्तींचे कळप हाकारे घालून, नदी ओलांडायला लावून कोंडवाड्यात आणण्याची 'खेडा' ही पद्धत जवळच्या काकनकोटे येथे एकोणिसाव्या शतकात सुरू झाली होती आणि १९७१ पर्यंत ती चालू होती. साबूचे वडील महाराजांच्या पदरी माहूत होते. आईवडिलांचे छत्र लहानपणीच हरपल्यामुळे साबूचे बालपण संस्थानच्या हत्तीखान्याच्या आधाराने गेले. परदेशी लिखाणात त्याचे नाव 'साबू दस्तगीर' असे आढळते. मात्र दस्तगीर हे त्याच्या थोरल्या भावाचे नाव होते आणि ते चुकून साबूला चिकटले, असे त्याच्या चरित्रकाराचे मत आहे.

१९३५ मध्ये रॉबर्ट फ्लॅहर्टी हे अमेरिकी दिग्दर्शक म्हैसूरला आले. 'नानूक ऑफ द नॉर्थ' या १९२२च्या चित्रपटामुळे माहितीपटांच्या क्षेत्रात त्यांचे नाव झालेले होते. लंडनचे निर्माते अलेक्झांडर कोर्डा यांच्यासाठी त्यांना रुडयार्ड किपलिंग यांच्या तूमाई या माहूतपुत्राच्या कथेवर चित्रपट करायचा होता. त्या वेळी म्हैसूरच्या गादीवर नाल्वडी कृष्णराज वाडियार होते. संस्थानने आपले हत्ती चित्रीकरणासाठी उपलब्ध करून दिले. नायक मात्र मिळत नव्हता. हत्तीशी सहजपणे बोलणारा, त्याच्या सोंडेवरून पाठीवर चढणारा मुलगा अभिनय शिकवून तयार होणार नव्हता. अखेर पथकातील छायालेखक ऑस्मंड बोराडेल यांची नजर अकरा वर्षांच्या साबूवर गेली आणि शोध संपला.

फ्लॅहर्टी यांनी म्हैसूरच्या रानात भरपूर चित्रण केले, पण त्यातून सलग कथा उभी राहीना. निर्मात्याच्या आज्ञेने पथक १९३६ मध्ये इंग्लंडला परतले. साबू आणि त्याचा भाऊही त्यांच्याबरोबर गेले. उरलेला भाग डेनहॅम येथील स्टुडिओत अलेक्झांडर कोर्डा यांचे बंधू झोल्टन कोर्डा यांनी पूर्ण केला. १९३७ मध्ये 'एलिफंट बॉय' प्रदर्शित झाला. व्हेनिसच्या महोत्सवात फ्लॅहर्टी आणि कोर्डा यांना दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. प्रेक्षकांनी मात्र लक्षात ठेवला तो हत्तीवरचा मुलगा. एरवी विलायतेतील चित्रपटांत हिंदी पात्रे गोऱ्या नटांना रंग फासून उभी केली जात. त्या काळात एका भारतीय मुलाचे नाव घेऊन लोक तिकिटे काढू लागले, ही घटना साधी नव्हती.

या कीर्तीला दुसरी बाजूही होती आणि ती लगेच पुढे आली. १९३८च्या 'द ड्रम' या रंगीत चित्रपटात साबूने वायव्य सरहद्दीवरील एका राजपुत्राची भूमिका केली. हा राजपुत्र ब्रिटिशांचा स्नेही. साम्राज्याचे गुणगान करणारी ही कथा भारतात रुचणे शक्यच नव्हते. मुंबईत चित्रपटगृहांसमोर तीव्र निदर्शने झाली, मद्रासमध्येही विरोध झाला आणि चित्रपट मागे घ्यावा लागला. आपल्या देशाचा चेहरा म्हणून जगाला ठाऊक झालेला १४ वर्षांचा मुलगा त्याच देशात अशा चित्रपटाचा नायक ठरला होता, ज्यावर लोकांचा रोष होता. कथा त्याने निवडलेली नव्हती, हेही खरेच.

'द थीफ ऑफ बगदाद'चे काम १९३९ मध्ये इंग्लंडमध्ये सुरू झाले. महायुद्ध पेटल्यामुळे ते हॉलिवूडला न्यावे लागले आणि साबूही अमेरिकेला गेला. १९४० मध्ये पडद्यावर आलेल्या या चित्रपटाला छायालेखन, कलादिग्दर्शन आणि विशेष दृश्यपरिणाम यांसाठी तीन ऑस्कर मिळाले. साबूने साकारलेला अबू हा हसरा, चपळ चोर हे त्याचे सर्वांत मोकळे काम म्हणता येईल. येथे तो कोणाचा सेवक नाही. राजाला तोच सोडवितो. या चित्रपटाची छाया पुढे चित्रपटांच्या दुसऱ्याच शाखेवर पडली. डिस्ने संस्थेच्या १९९२च्या 'अलादीन' या अ‍ॅनिमेशनपटातील दुष्ट वजीर जाफर, खेळण्यांत रमणारा सुलतान आणि अबू हे नाव या साऱ्यांचे मूळ त्यात सापडते. फक्त 'अबू' हे नाव तेथे माकडाला मिळाले.

त्यानंतर आला मोगली. किपलिंग यांनी मोगलीचे रान विदर्भाच्या सीमेजवळच्या शिवनीला कल्पिले होते. झोल्टन कोर्डा यांनी ते कॅलिफोर्नियात उभारले. मिक्लोश रोझा यांच्या संगीतासह या कथेच्या ध्वनिमुद्रिकाही निघाल्या आणि त्यांतील निवेदन साबूचे होते. इंग्लंडला गेल्यावर इंग्रजी शिकलेल्या मुलाने काही वर्षांत एवढी मजल गाठली होती.

पुढील वाटचाल मात्र उताराची ठरली. युनिव्हर्सल कंपनीच्या 'अरेबियन नाइट्स', 'व्हाइट सॅव्हेज' आणि 'कोब्रा वुमन' या चित्रपटांत नायक जॉन हॉल, नायिका मारिया माँतेझ आणि साबू त्यांचा साथीदार, असाच साचा राहिला. १९४४ मध्ये साबू यांना अमेरिकेचे नागरिकत्व मिळाले. सर्वसाधारण भारतीयांसाठी तो मार्ग १९४६च्या कायद्याने खुला झाला, हे लक्षात घेण्याजोगे आहे. लष्करी हवाई दलात बी-२४ लिबरेटर या बॉम्बफेकी विमानावर मशीनगन चालविण्याचे काम त्यांनी पॅसिफिक आघाडीवर केले आणि 'डिस्टिंग्विश्ड फ्लाइंग क्रॉस' हे पदक मिळविले.

युद्धावरून परतले ते तरुण साबू; चित्रपटसृष्टीला हवा होता हत्तीवरचा मुलगा. १९४७च्या 'ब्लॅक नार्सिसस'मध्ये त्यांना तरुण संस्थानिकाची दुय्यम, पण चांगली भूमिका मिळाली. हा हिमालयही इंग्लंडमधील स्टुडिओतलाच. पुढचे चित्रपट बेताचेच होते. १९४८ मध्ये त्यांनी अभिनेत्री मॅरिलिन कूपर यांच्याशी विवाह केला. त्यांना दोन अपत्ये झाली. १९५०च्या दशकाच्या प्रारंभी लंडनच्या सर्कशीत त्यांनी हत्तींचे खेळही केले. ज्या विद्येने त्यांना पडद्यावर नेले, तिच्याच आधारे उदरनिर्वाह करण्याची वेळ आली होती.

मायदेशी परतण्याची एक संधी त्याच दशकात आली. महबूब खान यांनी 'मदर इंडिया'तील बिरजूच्या भूमिकेसाठी साबू यांचा विचार केला होता आणि त्यासाठी ते मुंबईला आलेही होते. पण आता ते परदेशी नागरिक होते. काम करण्याचा परवाना मिळाला नाही आणि ते परत गेले. बिरजूची भूमिका सुनील दत्त यांनी केली. चित्रपट १९५७ मध्ये झळकला. साबू यांच्या नावावर एकही भारतीय चित्रपट नाही.

कॅलिफोर्नियात भावाबरोबर त्यांचा फर्निचरचा व्यवसाय होता. १९६० मध्ये दरोड्याच्या वेळी भावाची हत्या झाली. त्याच वर्षी हॉलिवूडच्या पदपथावर साबू यांच्या नावाचा तारा बसविण्यात आला. २ डिसेंबर १९६३ रोजी हृदयविकाराच्या झटक्याने चॅट्सवर्थ येथे त्यांचे निधन झाले. तेव्हा ते अवघे ३९ वर्षांचे होते.

त्यांचा शेवटचा चित्रपट 'अ टायगर वॉक्स' डिस्ने संस्थेने त्यांच्या मृत्यूनंतर १९६४ मध्ये प्रदर्शित केला. सर्कशीतून निसटलेल्या वाघाची ती कथा होती आणि त्यात साबू यांना वाघांची देखभाल करणाऱ्याची भूमिका होती. आणखी तीन वर्षांनी, १९६७ मध्ये, त्याच संस्थेचा अ‍ॅनिमेशनपट 'द जंगल बुक' आला आणि मोगली रेखाचित्रांतून चालू-बोलू लागला.