खाणीत उतरलेला कादंबरीकार

डहाणू म्हटले की शहरातल्या माणसाला चिकू आठवतो, बोर्डीचा सुरूच्या झाडांचा किनारा आठवतो आणि हल्ली दिवाणखान्यांच्या भिंतींवर जाऊन बसलेले पांढऱ्या रेषांचे वारली चित्र आठवते. पण डहाणूरोड स्टेशनवर उतरून तलासरीच्या बाजूला निघाले की समुद्र आणि बागा मागे पडतात. गवताची माळराने लागतात, साग-पळसाचे जंगल लागते आणि मधूनमधून विखुरलेले पाडे दिसू लागतात. दसरा-दिवाळीच्या सुमारास हे गवत कापणीला येते. दिसायला साधे गवत. पण त्याला रक्ताचा इतिहास आहे.

१९४५ साली या भागातला वारली शेतमजूर जमीनदाराच्या आणि जंगल ठेकेदाराच्या वेठीला जुंपलेला होता. लग्नासाठी चार पैसे कर्जाऊ घ्यायचे आणि त्यापायी नवरा-बायकोने धनकोच्या शेतावर जन्मभर राबायचे, अशी रीत होती. अशा माणसाला लग्नगडी म्हणत. गोदावरी आणि शामराव परुळेकर हे सुशिक्षित पांढरपेशे जोडपे या पाड्यांवर येऊन राहिले. २३ मे १९४५ रोजी आजच्या तलासरी तालुक्यातल्या झरी गावी हजारो आदिवासी जमले आणि वेठबिगार यापुढे करायची नाही, असे ठरले. त्याच वर्षी गवतकापणीचा हंगाम आला तेव्हा पाचशे पौंड गवताला अडीच रुपये मजुरी मागण्यात आली. ऑक्टोबरात तलवाडा येथे जमलेल्या आदिवासींवर गोळीबार झाला आणि पाच जण मृत्युमुखी पडले. ही सारी कहाणी गोदावरीबाईंनी 'जेव्हा माणूस जागा होतो' या पुस्तकात १९७० साली सांगितली आणि १९७२ साली त्या पुस्तकाला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला.

हे पुस्तक घरातल्या कपाटात ठेवायचे झाले तर त्याच्या शेजारी कोणते पुस्तक शोभेल? भाषा वेगळी, देश वेगळा, काळ साठ वर्षे आधीचा; तरी एका फ्रेंच कादंबरीचे नाव चटकन मनात येते. ती कादंबरी 'जेर्मिनाल' आणि तिचा लेखक एमिल झोला. फ्रान्स म्हणजे पॅरिस, अत्तरे आणि उंची फॅशन एवढेच चित्र डोळ्यांसमोर असणाऱ्या आपल्यासारख्यांना दुसरा फ्रान्स दाखवला तो याच माणसाने. त्याचे आयुष्यही त्याच्या कादंबऱ्यांइतकेच वाचण्याजोगे आहे.

इंजिनिअरचा पोरका मुलगा

झोलाचा जन्म २ एप्रिल १८४० रोजी पॅरिसमध्ये झाला. वडील मूळचे व्हेनिसचे, हाडाचे इंजिनिअर. दक्षिण फ्रान्समधल्या एक्स या गावाला पाणी पुरवण्यासाठी धरण आणि कालवा बांधण्याची योजना त्यांनी आखली होती. काम सुरू झाले न झाले तोच १८४७ साली ते वारले. एमिलला तेव्हा सातवे वर्षही पुरे झाले नव्हते. कंपनीतला पैसा बघता बघता हातचा गेला, आईच्या नशिबी कोर्टकचेऱ्या आल्या आणि बऱ्या स्थितीतले घर एका खोलीत आले.

शाळेत त्याला एक जिवलग मित्र भेटला. त्याचे नाव पॉल सेझान. पुढे जगातला एक थोर चित्रकार म्हणून गाजलेला हा मुलगा आणि एमिल, दोघे मिळून डोंगर तुडवत, नदीत डुंबत आणि कविता करीत. १८५८ साली एमिल आईबरोबर पॅरिसला आला. तिथे शालान्त परीक्षेत तो दोनदा नापास झाला. गंमत अशी की पहिल्या खेपेस तो आपटला तो तोंडी परीक्षेत, आणि त्यातही साहित्याच्या विषयात! ज्याच्या कादंबऱ्या पुढे फ्रान्समध्ये घरोघर वाचल्या गेल्या त्याची ही सुरुवात. दहावी-बारावीच्या निकालाने हबकलेल्या आईबापांनी हे लक्षात ठेवायला हरकत नाही.

त्यानंतरची दोन-तीन वर्षे उपासमारीची गेली. माळ्यावरची थंडगार खोली, गहाण टाकलेले कपडे, दारोदार नोकरीचा शोध. १८६२ साली आशेत या मोठ्या प्रकाशनसंस्थेत त्याला पुस्तके बांधण्याचे काम मिळाले. हुशारीच्या जोरावर तो लवकरच जाहिरात विभागाचा प्रमुख झाला. पुस्तक लिहून भागत नाही, ते लोकांपर्यंत पोहोचवावे लागते, हे तो इथे शिकला. १८६६ च्या आरंभी नोकरी सोडून तो पूर्ण वेळ लेखणीवर जगू लागला.

वीस कादंबऱ्यांचे घर

झोलाच्या डोक्यात एक अवाढव्य कल्पना होती. एकच घराणे घ्यायचे, त्याच्या शाखा-उपशाखा समाजाच्या सगळ्या थरांत पसरवायच्या आणि त्यांच्या आयुष्यातून तिसऱ्या नेपोलियनच्या काळातला सबंध फ्रान्स उभा करायचा. या घराण्याचे नाव रूगों-माकार. १८७१ ते १८९३ या बावीस वर्षांत या मालिकेच्या वीस कादंबऱ्या त्याने लिहून पुऱ्या केल्या. एकीत पॅरिसचा भाजीबाजार, दुसरीत कपड्यांचे प्रचंड दुकान, तिसरीत रेल्वे, चौथीत शेतजमिनीसाठी एकमेकांच्या जिवावर उठलेले शेतकरी. आपल्याकडे भाऊबंदकीवर पोसलेल्या गावांना ही चौथी कादंबरी परकी वाटू नये.

त्याची कामाची पद्धत एखाद्या चौकशी अधिकाऱ्यासारखी होती. आधी स्थळ बघायचे, माणसांना प्रश्न विचारायचे, वह्या भरायच्या, नकाशे काढायचे, प्रत्येक पात्राची टिपणे करायची आणि मगच पहिले वाक्य लिहायचे. रेल्वेवरच्या कादंबरीसाठी तो इंजिनात ड्रायव्हरशेजारी उभा राहून प्रवास करून आला.

खरे नाव झाले ते १८७७ च्या 'लासोमुआर'मुळे. कपडे धुऊन पोट भरणारी जर्व्हेज, तिचा दारूत बुडालेला नवरा आणि हळूहळू गटारात जाणारा संसार यांची ती गोष्ट. पुस्तक तुफान खपले आणि टीकाही तितकीच झाली. सभ्य लोक म्हणाले, ही घाण कशाला? कामगारांचे कैवारी म्हणाले, ही गरिबांची बदनामी आहे. दोन्ही बाजूंनी दगड खात झोलाने मिळालेल्या पैशातून पॅरिसबाहेर मेदाँ येथे घर घेतले आणि तिथे रोज ठरावीक तास बसून लिहीत राहिला.

पण ती दुसरी टीका त्याला लागली असावी. गरीब माणूस फक्त पडताना दाखवायचा, की उठताना दाखवायचा?

जमिनीखालचे जग

फेब्रुवारी १८८४ मध्ये उत्तर फ्रान्समधल्या आंझाँच्या कोळसा खाणीत संप सुरू झाला. झोला ताबडतोब तिकडे गेला. ओळखीच्या एका लोकप्रतिनिधीचा सेक्रेटरी म्हणून तो तिथे वावरला. कामगारांच्या चाळींत शिरला, गुत्त्यांत बसला, सभा ऐकल्या. मग पाळण्यात बसून शेकडो मीटर खोल खाणीत उतरला. हातापायांवर रांगत कोळशाच्या फटीपर्यंत गेला. जमिनीखालीच राबून तिथेच मरणारे घोडे त्याने पाहिले आणि ते त्याच्या कादंबरीत आले.

'जेर्मिनाल' पुस्तकरूपाने १८८५ साली बाहेर आली. बेकार मेकॅनिक एतिएन एका थंड रात्री खाणीवर काम मागायला येतो आणि माह्यू नावाच्या कुटुंबाच्या आधाराने राहतो. या घरात म्हाताऱ्यापासून पोरीपर्यंत सगळे खाणीत राबतात तरी पावाची भ्रांत आहेच. गावातला दुकानदार उधारीवर माल देतो आणि त्या उधारीच्या जोरावर बायकाबापड्यांची अब्रू घेतो. कंपनी मजुरीत काटछाट करते, संप होतो, उपासमार होते, सैन्य येते आणि शेवटी जमावावर गोळ्या सुटतात.

डहाणू-तलासरीच्या वाचकाला यात नवे ते काय वाटणार? उधारीत अडकवणारा दुकानदार इथे सावकार आणि जमीनदार होता. कोळशाच्या जागी गवत आणि लाकूड होते. गोळ्या तिथेही सुटल्या, इथेही सुटल्या. झोलाने त्या मनाने रचल्या नव्हत्या. १८६९ साली फ्रान्समध्ये संपकरी खाणकामगारांवर खरोखरच गोळीबार झाले होते.

'जेर्मिनाल' हे नाव फ्रेंच राज्यक्रांतीनंतर काढलेल्या नव्या पंचांगातल्या एका महिन्याचे आहे. अंकुर फुटण्याचा महिना, साधारण आपल्या चैत्राच्या आसपासचा. कादंबरीत संप हरतो, पण एतिएन गाव सोडून निघतो तेव्हा वसंतातली सकाळ असते आणि पायाखालच्या जमिनीत काहीतरी रुजते आहे असे त्याला वाटते. माणूस पडतो तसा जागाही होतो, हे झोलाला इथे गवसले.

तरीही एक फरक सांगितलाच पाहिजे. झोला आंझाँला राहिला तो जेमतेम आठवडाभर. वह्या भरल्या आणि तो मेदाँच्या उबदार अभ्यासिकेत परतला. गोदावरीबाई पाड्यांवर वर्षानुवर्षे राहिल्या, तुरुंगात गेल्या आणि मग कितीतरी वर्षांनी लिहायला बसल्या. झोलाने आधी लिहिले. त्याची किंमत मोजायची पाळी पुढे आली.

घरातले वादळ

कीर्ती आली, पैसा आला, शरीर सुटले. घरात मात्र एक दुःख होते. पत्नी आलेक्सांद्रीन हिला त्याच्यापासून मूल नव्हते. १८८८ साली घरी कपडे शिवायला ठेवलेल्या झान रोझरो या तरुण मुलीशी त्याचे संबंध जुळले आणि तिला दोन मुले झाली. पत्नीला हे कळले तेव्हा घरात आकाशपाताळ एक झाले. दुसऱ्यांच्या घरातले सत्य चव्हाट्यावर मांडणारा हा लेखक आपल्या घरातले सत्य तीन वर्षे लपवीत होता, हे नमूद केले पाहिजे. पण मोठेपण दाखवले ते आलेक्सांद्रीननेच. तिने हळूहळू त्या मुलांना जवळ केले आणि झोलाच्या मृत्यूनंतर त्यांना त्याचे आडनाव मिळावे म्हणून तिनेच खटपट केली.

एका निरपराध्यासाठी

१८९४ च्या डिसेंबरात फ्रेंच सैन्यातला ज्यू अधिकारी आल्फ्रेड ड्रेफस याला जर्मनीला गुपिते विकल्याच्या आरोपावरून जन्मठेप झाली आणि दूर समुद्रापलीकडच्या एका बेटावर त्याला डांबण्यात आले. पुढे खरा गुन्हेगार दुसराच असल्याचे पुरावे निघाले. पण सैन्याची अब्रू जाईल म्हणून ते दडपले गेले आणि जानेवारी १८९८ मध्ये त्या खऱ्या गुन्हेगाराला लष्करी न्यायालयाने निर्दोष सोडले.

झोला तेव्हा सत्तावन्न वर्षांचा होता. त्याला मिळवायचे काही राहिले नव्हते आणि गमवायचे सगळे होते. १३ जानेवारी १८९८ रोजी एका पॅरिसच्या दैनिकाच्या पहिल्या पानावर त्याचे राष्ट्राध्यक्षांना उद्देशून लिहिलेले अनावृत पत्र झळकले. 'मी आरोप करतो' या अर्थाचा त्याचा मथळा जगभर गाजला. सेनाधिकाऱ्यांची नावे घेऊन त्याने आरोप केले. आपल्यावर बदनामीचा खटला भरला जावा आणि त्या निमित्ताने सत्य कोर्टात यावे, हाच त्याचा हेतू होता.

खटला झाला. कोर्टाबाहेर जमाव त्याच्या मृत्यूच्या घोषणा देत होता. एक वर्षाची कैद आणि तीन हजार फ्रँक दंड अशी शिक्षा झाली. जुलैत तो जवळजवळ नेसत्या वस्त्रानिशी इंग्लंडला निघून गेला आणि खोट्या नावाने राहिला. भाषा येत नाही, अन्न रुचत नाही, घरची माणसे दूर, अशा स्थितीत सुमारे अकरा महिने काढून जून १८९९ मध्ये तो परतला. दरम्यान त्याचा सन्मान काढून घेतला गेला होता आणि वाचकही कमी झाले होते. फ्रेंच अकादमीचे दार तर त्याच्यासाठी कधीच उघडले नाही.

२९ सप्टेंबर १९०२ रोजी सकाळी झोला पॅरिसमधल्या घरात मृतावस्थेत सापडला. शेकोटीचे धुराडे तुंबल्याने विषारी वायू रात्रभर खोलीत कोंडला होता. आलेक्सांद्रीन बेशुद्ध होती, ती वाचली. धुराडे कोणी मुद्दाम बुजवले, हा संशय आजही पुरता मिटलेला नाही. ड्रेफस १९०६ साली पूर्ण निर्दोष ठरला. ते पाहायला झोला उरला नव्हता. १९०८ साली त्याच्या अस्थी राष्ट्रपुरुषांच्या समाधिस्थळी, पँथेऑनमध्ये, नेण्यात आल्या. त्या समारंभातही एका माथेफिरूने ड्रेफसवर गोळ्या झाडल्या आणि त्याला जखमी केले.

पण त्याची खरी अंत्ययात्रा निघाली ती त्याआधी, ५ ऑक्टोबर १९०२ रोजी. हजारोंच्या गर्दीत उत्तरेकडच्या खाणकामगारांचा एक जथा होता. ते चालताना एकच शब्द पुन्हा पुन्हा उच्चारत होते. तो कादंबरीकाराच्या नावाचा नव्हता, त्याच्या कादंबरीच्या नावाचा होता. आठवडाभराचा पाहुणा म्हणून आलेल्या माणसाला त्यांनी आपल्यातला मानले होते.

गोदावरीबाई गेल्या त्याही ऑक्टोबरातच, ८ ऑक्टोबर १९९६ रोजी. त्या सुमारास तलासरीच्या माळावर गवत पिवळे पडू लागते. पुढच्या वेळी डहाणूला चिकू आणायला जाल तेव्हा गाडीच्या खिडकीतून त्या गवताकडे एकदा पाहा. आणि घरी परतल्यावर ही दोन पुस्तके मुलांच्या हाताशी येतील अशी शेजारी शेजारी ठेवा.