पडद्याआडची राजमाता

राज्य बुडालं आणि कारभार बाईच्या हाती होता, तर खापर कुणाच्या डोक्यावर फुटतं हे काही वेगळं सांगायला नको. चीनच्या त्सू शी या राजमातेचं नेमकं तेच झालं. कपटी, क्रूर, उधळी अशी किती विशेषणं तिला चिकटली! 'वाइल्ड स्वान्स'मधून आपल्या आजीची आणि आईची कहाणी सांगणाऱ्या युंग चांग या लेखिकेने २०१३ मध्ये तिचं चरित्र लिहिलं आणि या बाईकडे पुन्हा नीट बघायला लावलं.

त्सू शीचा जन्म १८३५चा, एका मांचू अधिकाऱ्याच्या घरातला. १८५२ मध्ये, सोळाव्या वर्षी ती सम्राट शिएनफेंगच्या जनानखान्यात आली ती खालच्या दर्जाची उपपत्नी म्हणून. १८५६ मध्ये तिला मुलगा झाला आणि तिचं नशीब पालटलं. १८६० मध्ये इंग्रज-फ्रेंच फौजा बीजिंगवर चालून आल्या, राजघराण्याचा उन्हाळी महाल त्यांनी जाळला. (इंग्रजांच्या त्या फौजेत आपले हिंदी शिपाईही होते.) पळून गेलेला सम्राट पुढच्याच वर्षी वारला. गादीवर पाच वर्षांचं पोर आणि कारभार आठ सरदारांच्या हाती.

सवतींचं कधी पटत नाही म्हणतात ना? इथे मात्र त्सू शी आणि पट्टराणी त्सू आन एक झाल्या. दिराला, म्हणजे राजपुत्र गोंगला हाताशी धरून त्यांनी आठही सरदारांना दूर केलं. एकाचं शिर उडवलं, दोघांना जीव द्यायचा हुकूम सुटला. त्सू शी तेव्हा अवघी पंचविशीत होती.

पण बाईने दरबारात पुरुषांसमोर यायचं नाही, अशी रीत. मग सिंहासनावर छोटा राजा, त्याच्या मागे पडदा आणि पडद्यामागे या दोघी! याच काळात परदेशी भाषांची शाळा निघाली, शस्त्रांचे कारखाने उभे राहिले, १८७२ पासून १२० मुलं अमेरिकेला शिकायला गेली.

१८७५ मध्ये मुलगा गेला. तिने बहिणीच्या मुलाला, तीन वर्षांच्या ग्वांगशूला गादीवर बसवलं. हाच भाचा मोठा होऊन १८९८ मध्ये झपाट्याने सुधारणा करू लागला, तेव्हा तिने त्याला नजरकैदेत टाकलं आणि त्याच्या सहा साथीदारांना मारलं. १९०० मध्ये परकीयांविरुद्ध उठलेल्या बॉक्सर बंडखोरांना तिने पाठिंबा दिला, तो अंगाशी आला. राजधानी सोडून पळावं लागलं. निघताना ग्वांगशूच्या लाडक्या राणीला तिच्याच हुकमाने विहिरीत ढकललं, असं सांगतात. हे डाग धुऊन निघणारे नाहीत.

आणि तरीही, परत आल्यावर याच बाईने १९०२ मध्ये मुलींची पावलं बांधू नका असं फर्मान काढलं. मांचू असल्यामुळे तिची स्वतःची पावलं मोकळी होती. चिनी मुलींची मात्र कोवळ्या वयातच बोटं दुमडून पट्ट्यांनी करकचून बांधत. १९०५ मध्ये तिने जुनी सरकारी परीक्षापद्धत बंद केली, देहाचे तुकडे करून मारायची शिक्षा रद्द केली. १९०७ मध्ये मुलींच्या शाळांसाठी नियम झाले.

१४ नोव्हेंबर १९०८ला ग्वांगशू वारला, दुसऱ्याच दिवशी ती गेली. त्याच्या केसांत भरपूर आर्सेनिक सापडल्याचं २००८ मध्ये जाहीर झालं. संशयाचं बोट अर्थातच तिच्याकडे वळलं. तिच्यामागे सव्वातीन वर्षांत राजवटही संपली.

फर्मानाचं काय झालं? युंग चांगची आजी १९०९ मध्ये जन्मली. ती दोन वर्षांची झाली आणि तिच्या आईने तिची पावलं बांधली. सबंध चीनवर हुकूम चालवणाऱ्या राजमातेचा शब्द त्या घराच्या उंबऱ्याआत पोचला नव्हता. मुलीचं लग्न जमायला हवं ना, ही भीती फर्मानापेक्षा मोठी होती.