बुद्धिबळाची पहिली जगज्जेती : व्हेरा मेन्चिक

बुद्धिबळाचा खेळ मूळचा आपल्या देशातला. परंतु माजघरात सागरगोटे आणि ओसरीवर बुद्धिबळ, अशी खेळांची वाटणी आपल्याकडे पुष्कळ घरांतून होती. मुली फार तर भावाच्या डावाकडे उभ्याने पाहावयाच्या. युरोपातही स्थिती फारशी निराळी नव्हती. आपल्या पटावर राजाशेजारी वजीर बसतो; तिकडे त्याच मोहऱ्याला राणी म्हणतात आणि पटावर सर्वांत बलवान तीच. पण त्या राणीला हलविणारे हात मात्र बहुधा पुरुषांचेच असत. ही रीत जिने शांतपणे मोडली, त्या व्हेरा मेन्चिक या बाईंची ओळख आपल्या भगिनींना करून द्यावी, एवढाच या लेखाचा हेतू.

व्हेराचा जन्म १६ फेब्रुवारी १९०६ रोजी मॉस्को येथे झाला. वडील चेक, आई इंग्लिश. व्हेराच्या पाठची ओल्गा ही बहीण. व्हेरा नऊ वर्षांची असताना वडिलांनी तिला बुद्धिबळाचा पट आणून दिला व मोहऱ्यांच्या चाली शिकविल्या. घरची स्थिती त्या वेळी सुखाची होती. वडिलांची गिरणी होती, राहावयास प्रशस्त जागा होती. १९१७ साली रशियात राज्यक्रांती झाली आणि हे सारे पाहता पाहता गेले. पुढे आईवडीलही विभक्त झाले. वडील आपल्या देशी परतले आणि १९२१ साली आई दोन्ही मुलींना घेऊन इंग्लंडात माहेरच्या आधाराला आली. समुद्रकाठच्या हेस्टिंग्ज गावी त्यांनी बिऱ्हाड केले.

पंधरा वर्षांची मुलगी, नवा देश, आणि तेथली भाषाही नीट येत नाही. अशा वेळी माणूस बुजून घरात बसते. व्हेराला मात्र पट सापडला. पटावर बोलावे लागत नाही, आणि घोड्याची अडीच घरांची चाल मॉस्कोत तीच, हेस्टिंग्जलाही तीच. १९२३ साली, सतराव्या वर्षी, ती तेथील बुद्धिबळ मंडळाची सभासद झाली. त्याच सुमारास हंगेरीचे विख्यात खेळाडू गेझा मारोत्सी यांची शिकवणी तिला लाभली. गुरूचा खेळ घाईचा नव्हता. पाया भक्कम करावा, प्रतिपक्षाची चूक होईपर्यंत धीर धरावा आणि मोहरी थोडी उरली म्हणजे लहानशा वरचढपणाचे विजयात रूपांतर करावे, ही त्यांची रीत. शिष्येने ती पुरी उचलली. झगमगाट कमी, पण हातचे निसटू द्यावयाचे नाही, असा तिचा खेळ होता.

१९२७ साली लंडन येथे स्त्रियांची पहिली जागतिक स्पर्धा भरली. बारा खेळाडूंत मेन्चिकबाईंनी अकरापैकी दहा डाव जिंकले व एक बरोबरीत सोडविला. वयाच्या एकविसाव्या वर्षी त्या जगज्जेत्या झाल्या आणि ते पद त्यांच्या हयातीत कोणालाही हिरावून घेता आले नाही. १९३० साली हॅम्बर्ग, १९३१ साली प्राग, १९३३ साली फोकस्टन, १९३५ साली वॉर्सा, १९३७ साली स्टॉकहोम आणि १९३९ साली ब्वेनोस आयरीस, अशा आणखी सहा स्पर्धांत त्याच पहिल्या आल्या. या सातही स्पर्धांत मिळून त्या ८३ डाव खेळल्या. त्यांपैकी ७८ जिंकले, ४ बरोबरीत सुटले आणि हरल्या तो अवघा एक. प्राग, फोकस्टन, वॉर्सा आणि स्टॉकहोम येथे तर त्यांनी समोर आलेला प्रत्येक डाव जिंकला. जर्मनीच्या सोन्या ग्राफ या तेवढ्या त्यांच्या तोडीच्या मानल्या जात; पण १९३४ आणि १९३७ साली झालेले दोघींचे सामनेही मेन्चिकबाईंनीच जिंकले.

बायकांत पहिली एवढ्यावर समाधान मानले असते, तर त्यांचे आयुष्य सुखाचे झाले असते. पण त्या पुरुषांच्या मोठ्या स्पर्धांतही उतरल्या, आणि खरी कसोटी तेथे लागली. १९२९ साली कार्ल्सबाद येथे जगातील बावीस नामांकित खेळाडू जमले. त्यांत स्त्री एकच. व्हिएन्नाचे आल्बर्ट बेकर यांनी थट्टेने अशी कल्पना काढली की, जो कोणी या बाईंकडून हरेल त्याला व्हेरा मेन्चिक मंडळाचा सभासद करून घ्यावे. सर्वांची करमणूक झाली. पुढे बेकर आणि मेन्चिकबाई समोरासमोर बसल्या आणि बेकर हरले. मंडळाचे पहिले सभासद तेच झाले!

ही गोष्ट सांगताना पुढचा भाग पुष्कळदा गाळला जातो. तो गाळू नये. त्या स्पर्धेत मेन्चिकबाईंना एकवीस डावांत मिळून तीनच गुण मिळाले व त्यांचा क्रमांक शेवटचा लागला. १९३५ साली मॉस्कोच्या मोठ्या स्पर्धेतही त्या शेवटीच राहिल्या. कापाब्लांका आणि अलेखिन या जगज्जेत्यांपुढे त्यांचे कधी चालले नाही. अशा हारीनंतर उपहासाला तोंड देत पुन्हा पटापुढे येऊन बसणे, हे विजयाहून अवघड असते. ते त्यांनी वर्षानुवर्षे केले, आणि त्याचे फळही त्यांना मिळाले. १९२९ सालीच रॅम्सगेट येथे त्या कापाब्लांकांच्या मागे अवघ्या अर्ध्या गुणाने, रुबिनश्टाईन यांच्या बरोबरीने दुसऱ्या आल्या. खुद्द गुरू मारोत्सी त्यांच्या मागे राहिले. पुढे जगज्जेते झालेले हॉलंडचे मॅक्स युवे त्यांच्याकडून दोनदा हरले. अमेरिकेचे रेशेव्हस्की हरले. थट्टेने काढलेल्या त्या मंडळाची यादी अशी लांबत गेली.

या यादीत आपल्याकडचेही एक नाव आहे. पंजाबातील सर उमर हयात खान यांच्या पदरी असलेले मीर सुलतान खान १९२९ साली विलायतेस गेले आणि त्याच वर्षी ब्रिटनचे अजिंक्यपद त्यांनी पटकाविले. पुढे आणखी दोन वेळा त्यांनी ते मिळविले. हेस्टिंग्जच्या स्पर्धेत मेन्चिकबाईंनी त्यांनाही नमविले. त्याच घरी चाकरीस असलेल्या फातिमा नावाच्या बाई १९३३ साली ब्रिटनच्या स्त्रियांच्या स्पर्धेत पहिल्या आल्या, हेही येथे आवर्जून नमूद करावेसे वाटते.

मेन्चिकबाईंचा चरितार्थ बुद्धिबळावरच चाले. त्या शिकवण्या करीत, व्याख्याने देत, एकाच वेळी अनेकांशी खेळून दाखवीत. १९३७ साली इंग्लंडमधील बुद्धिबळाचे एक प्रमुख कार्यकर्ते स्टीव्हनसन यांच्याशी त्यांचा विवाह झाला. ते वयाने बरेच मोठे होते. १९३९ साली ब्वेनोस आयरीसची स्पर्धा चालू असतानाच दुसरे महायुद्ध पेटले. लंडनला नव्याने निघालेल्या राष्ट्रीय बुद्धिबळ केंद्राची व्यवस्था बाईंकडे आली होती. तेही पुढच्याच वर्षी बाँबहल्ल्यात नष्ट झाले. १९४३ साली पती निवर्तले. बाईंनी खेळ सोडला नाही.

जून १९४४ मध्ये जर्मनांनी लंडनवर उडते बाँब सोडण्यास सुरुवात केली. महिनाअखेरीच्या एका रात्री त्यांतला एक क्लॅपहॅम भागातील त्यांच्या घरावर पडला. व्हेरा, ओल्गा आणि त्यांची आई, तिघीही एकाच वेळी गेल्या. मुलींना घेऊन जी माउली एका उलथापालथीतून बाहेर पडली होती, तिला व तिच्या लेकींना दुसऱ्या उलथापालथीने गाठले. व्हेराबाईंचे वय तेव्हा अडतीस वर्षांचे होते.

त्या गेल्या तेव्हा जगज्जेतेपद त्यांच्याकडेच होते. ते रिकामे झालेले आसन भरण्यास १९५० साल उजाडावे लागले. त्याच वर्षी जागतिक संघटनेने ग्रँडमास्टर ही पदवी अधिकृतपणे देण्यास प्रारंभ केला. ती काही त्यांना लाभली नाही. परंतु १९५७ साली स्त्रियांचे पहिले ऑलिंपियाड हॉलंडमध्ये भरले आणि विजयी संघाला देण्याच्या चषकाला व्हेरा मेन्चिक यांचे नाव मिळाले.

तो चषक २०२४ साली बुडापेस्ट येथे भारताच्या मुलींनी प्रथमच जिंकला. त्या संघात आपल्या नागपूरची दिव्या देशमुख होती. पुढच्याच वर्षी, २०२५ साली, स्त्रियांचा विश्वचषक जिंकून ती ग्रँडमास्टरही झाली. कार्ल्सबादला ज्या मंडळाच्या नावाने हशा पिकला होता, त्या मंडळाची थट्टा करणारे आज कोणाच्या स्मरणात फारसे नाहीत. मेन्चिकबाईंचे नाव मात्र दर ऑलिंपियाडला घेतले जाते.

आता ओसरी राहिली नाही आणि माजघरही राहिले नाही. घरात पट असेल तर तो मुलाइतकाच मुलीपुढेही मांडावा, आणि ती पहिले दहा डाव हरली तर अकरावा मांडून द्यावा.