हार्ट-लंग मशीन आणि डॉ. प्रफुल्लकुमार सेन

छत्रपती संभाजीनगरमध्ये झडपेची ऑपरेशनं आता शहरातच होतात. पण ऑपरेशनच्या वेळी हृदय थांबवणार, हे डॉक्टरांकडून ऐकल्यावर त्या रात्री तुमच्या घरात कुणालाही झोप लागत नाही. ही भीती समजून घ्यायला मुंबईच्या केईएम रुग्णालयातले सर्जन डॉ. प्रफुल्लकुमार सेन (१९१५–१९८२) यांची गोष्ट उपयोगी पडेल.

सेन बंगाली, शिक्षण मात्र मुंबईच्या जी. एस. मेडिकल कॉलेजात. त्यांनी हृदयाची ऑपरेशनं सुरू केली तेव्हा हे यंत्र हाताशी नव्हतं. हृदयाच्या पडद्यातलं छिद्र शिवायचं तर रुग्णाचं शरीर थंड करायचं, म्हणजे मेंदूला ऑक्सिजन कमी लागतो. मग रक्तप्रवाह रोखून जेमतेम काही मिनिटांत टाके संपवायचे. उशीर झाला की मेंदूला इजा.

यंत्राने सर्जनला वेळ दिला. हृदयाकडे येणारं अशुद्ध रक्त नळीवाटे यंत्रात जातं, तिथे ते शुद्ध होतं आणि पंप ते महाधमनीत सोडतो. ते गोठू नये म्हणून हेपारिन देतात. परफ्युजनिस्ट शेवटपर्यंत यंत्रापासून हलत नाही. म्हणजे हृदय थांबतं, रक्ताचं फिरणं नाही. (बायपास तर काही वेळा धडधडत्या हृदयावरही करतात.)

फेब्रुवारी १९६८ मध्ये सेन यांनी केईएममध्ये भारतातलं पहिलं हृदयरोपण केलं. केपटाऊनच्या पहिल्या रोपणाला तेव्हा जेमतेम अडीच महिने झाले होते. नवं हृदय सुरू झालं, पण रुग्ण तीनेक तासांनी दगावला. त्याच्या फुफ्फुसांच्या रक्तवाहिन्यांत दाब फार होता आणि यंत्राचा आधार गेल्यावर नव्या हृदयाच्या उजव्या बाजूला तो झेपला नाही. सप्टेंबरमधला दुसरा रुग्ण १४ तास जगला. पुढच्या वर्षी सेन यांना पद्मभूषण मिळालं. भारतात यशस्वी रोपण व्हायला मात्र १९९४ उजाडलं.

आजही यंत्रावरून उतरवण्याची वेळ नाजूक असते. तुमच्या टूडी इकोच्या रिपोर्टमध्ये पल्मनरी हायपरटेन्शन लिहिलं असेल, तर ते याच दाबाबद्दल आहे. जुने सगळे रिपोर्ट सोबत न्या आणि हा दाब किती आहे, आधी औषधांनी कमी करायचा का, हे सर्जनना ऑपरेशनची तारीख ठरण्यापूर्वीच विचारा.