कॅमेरा घडविणारा चित्रकार : बाबूराव पेंटर

सेम्बावांगच्या जहाजगोदीमुळे येथील अनेक मराठी अभियंत्यांना लेथ यंत्र परिचित आहे. शंभरहून अधिक वर्षांपूर्वी कोल्हापुरात याच यंत्राच्या साहाय्याने चलच्चित्रांचा कॅमेरा घडविला गेला, आणि तो घडविणारे होते नाटकांचे पडदे रंगविणारे चित्रकार.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म 1890 साली कोल्हापुरात झाला. वडील कसबी कारागीर. बाबूराव आणि त्यांचे भाऊबंद आनंदराव यांनी रंगविलेल्या पडद्यांना नाटक मंडळ्यांत मोठी मागणी असे. ‘पेंटर’ हे नाव त्यांना तेथूनच चिकटले. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ पाहून दोघांनी स्वतःचा कॅमेरा बनविण्याचा ध्यास घेतला. तो पुरा होण्यापूर्वीच, 1916 साली आनंदराव निवर्तले. अर्धवट यंत्र बाजूला ठेवणे सोपे होते. बाबूरावांनी शिष्य विष्णुपंत दामले यांच्यासह ते सिद्धीस नेले आणि त्यातूनच महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली.

‘सैरंध्री’ 1920 साली पुण्यात झळकला. त्यातील कीचकवधाने प्रेक्षक इतके हादरले की ते दृश्य पुढे वगळावे लागले. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली, ती याच चित्रपटामुळे.

मला मात्र त्यांचा दुसराच पराक्रम अधिक थोर वाटतो. पडदे रंगविण्यात ज्याचा हात धरणारा विरळा, त्यानेच चित्रपटातून सपाट पडदा हद्दपार केला आणि खोली असलेले नेपथ्य उभारले. चित्रणापूर्वी ते दृश्यांची व वेशभूषेची रेखाटने करीत. त्या काळच्या फिल्मवर निळे आकाश पांढरेफटक उमटे. बाबूरावांनी स्वतः फिल्टर तयार करून छटा राखल्या. ‘सिंहगड’मध्ये (1923) रात्रीच्या प्रसंगांसाठी त्यांनी कृत्रिम प्रकाश योजला. एरवी सारे चित्रण सूर्याच्या मर्जीवर चाले.

‘सावकारी पाश’मध्ये (1925) कर्जापायी जमीन गमावून गिरणीत मजुरी पत्करणारा शेतकरी आला. ती भूमिका तरुण शांतारामांची. काळोखात बुडालेली झोपडी आणि तिच्यापाशी विव्हळणारे कुत्रे हे त्यातील दृश्य पाहणाऱ्यांच्या स्मरणात राहिले. पौराणिक वैभवाला सरावलेल्या प्रेक्षकांनी मात्र चित्रपट नाकारला आणि बाबूराव पुन्हा पुराणांकडे वळले. त्या मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाही.

1929 साली दामले, फत्तेलाल, धायबर व शांताराम यांनी कंपनी सोडून ‘प्रभात’ स्थापन केली. बाबूरावांनी पुढे बोलपट काढले, 1936 मध्ये ‘सावकारी पाश’ही नव्याने केला, शिल्पकलेत तर ते अखेरपर्यंत रमले. 16 जानेवारी 1954 रोजी त्यांचे निधन झाले.