पुरावा जोडणारे हात : एलिझावेता स्विलोवा

सिनेमा म्हटला की आपल्याला नट आठवतात, फार तर दिग्दर्शक. फिल्मचे शेकडो तुकडे निवडून, कापून, जोडून त्यांना अर्थ देणारा संकलक आठवत नाही. म्हणून आज आम्ही अशाच एका संकलक स्त्रीची ओळख करून देत आहोत.

एलिझावेता स्विलोवा यांचा जन्म १९०० साली मॉस्कोत, एका रेल्वे कामगाराच्या घरी झाला. शाळेच्या वयातच त्या फिल्म प्रयोगशाळेत कामाला लागल्या. रिळं पुसायची, निवडायची, कापायची, चिकटवायची. हे काम हलकं समजलं जाई आणि बहुधा बायकांकडे असे. क्रांतीनंतर त्या सरकारी चित्रपट विभागात आल्या. तिथे दिग्दर्शक झिगा व्हर्तोव्ह भेटले, ते पुढे त्यांचे पती झाले. १९२९ च्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’मध्ये स्विलोवा टेबलाशी बसून फिल्म कापताना दिसतात. पण त्याच चित्रपटाच्या नामावलीत त्यांची नोंद संकलन सहाय्यक एवढीच आहे.

२७ जानेवारी १९४५ रोजी सोव्हिएत फौजांनी ऑश्विट्झची छळछावणी मुक्त केली. तिथे कॅमेरामननी टिपलेल्या दृश्यांचा माहितीपट स्विलोवांनी उभा केला. नाझी अत्याचारांवरचा, त्यांनी संकलित केलेला चित्रपट फेब्रुवारी १९४६ मध्ये न्यूरेम्बर्गच्या खटल्यात पुरावा म्हणून दाखवला गेला. ज्या कामाला कुणी किंमत देत नव्हतं, ते न्यायासनासमोर उभं राहिलं.

१९५४ मध्ये व्हर्तोव्ह गेले. स्विलोवांनी त्यांचे लेख, डायऱ्या, कागदपत्रं नीट लावून जपली. १९६६ मध्ये त्यांचा संग्रह प्रसिद्ध झाला. १९७५ मध्ये स्विलोवांचं निधन झालं.

आज आपल्या प्रत्येक तरुणाच्या हातात कॅमेरा आहे. दीक्षाभूमीची गर्दी, मोर्चे, अत्याचार झालेल्या वस्तीतल्या साक्षी, सगळं चित्रित होतं. पण फोन बिघडला की तेही जातं. कुठलं गाव, कोणती तारीख, कोण बोलतंय, हे कुणी लिहून ठेवत नाही. आमचं म्हणणं एवढंच की प्रत्येक शाखेने, प्रत्येक विहाराने एका तरी कार्यकर्त्याला हे काम सोपवावं. मूळ चित्रण न कापता जपावं, नोंद करावी, दुसरी प्रत वेगळ्या ठिकाणी ठेवावी. आणि हे काम करणाऱ्याचं नाव मंचावरून आवर्जून घ्यावं.

जय भीम!