रडारचे शिल्पकार रॉबर्ट वॉटसन-वॉट

१९४० सालच्या उन्हाळ्यात ब्रिटनच्या आकाशात जी लढाई झाली, तिचे श्रेय इतिहासाने स्पिटफायर आणि हरिकेन विमानांच्या तरुण वैमानिकांना दिले आणि ते यथार्थच आहे. मात्र शत्रू कोठून, किती संख्येने आणि केव्हा येणार, हे त्या वैमानिकांना आधी कळत होते, म्हणूनच मोजक्या विमानांनिशी ते झुंजू शकले. ही पूर्वसूचना ज्या यंत्रणेमुळे मिळत होती, तिच्यामागे एक हवामानशास्त्रज्ञ उभे होते. त्यांचे नाव सर रॉबर्ट वॉटसन-वॉट. रडारचे जनक म्हणून त्यांचा सरसकट उल्लेख केला जातो. तो काटेकोर इतिहासाला धरून नाही. त्यांचे खरे मोठेपण कशात होते, हे समजण्यासाठी त्यांचे चरित्र आरंभापासून पाहावे लागते.

स्कॉटलंडमधील ब्रेखिन या लहानशा गावी १३ एप्रिल १८९२ रोजी एका सुताराच्या घरी त्यांचा जन्म झाला. वाफेच्या इंजिनामुळे कीर्ती पावलेल्या जेम्स वॉट यांच्या कुळातले आपण आहोत, असे ते अभिमानाने सांगत. डंडी येथील युनिव्हर्सिटी कॉलेजातून १९१२ मध्ये त्यांनी अभियांत्रिकीची पदवी घेतली. तेथेच प्राध्यापक विल्यम पेडी यांचे साहाय्यक म्हणून काम करताना त्यांना बिनतारी लहरींच्या अभ्यासाची गोडी लागली. पहिले महायुद्ध सुरू झाले आणि १९१५ मध्ये ते हवामान खात्यात दाखल झाले.

त्या काळची विमाने लाकडाची आणि कापडाची. गडगडाटी वादळात सापडलेल्या वैमानिकाचे दैव बलवत्तर असेल तरच तो परतायचा. वीज चमकते तेव्हा तिच्यातून रेडिओ लहरीही बाहेर पडतात. या लहरी कोणत्या दिशेने आल्या हे दोन ठिकाणांहून मोजले, तर वादळाचा ठावठिकाणा लागतो. अडचण इतकीच होती, की ही खूण क्षणार्धात नाहीशी होई. ती डोळ्यांना दिसावी यासाठी वॉटसन-वॉट यांनी १९२० च्या दशकात कॅथोड किरण नलिकेचा पडदा वापरला. पुढे रडारच्या पडद्यावर उमटलेल्या ठिपक्यांचे बीज याच कामात होते. वातावरणाच्या ज्या वरच्या थरावरून रेडिओ लहरी परावर्तित होतात, त्याला आयनोस्फिअर हे नाव सुचवणारेही तेच.

१९३० च्या दशकात जर्मनीचे सामर्थ्य वाढू लागले, तसा ब्रिटनचा धीर खचू लागला. बॉम्बफेकी विमानांचा वेग वाढत होता. किनाऱ्यावर उभारलेले काँक्रीटचे प्रचंड ध्वनी-आरसे इंजिनाचा आवाज टिपून काही मिनिटांची सूचना देत. पण विमान जितके वेगवान, तितकी ही मिनिटे कमी होत. बॉम्बफेकी विमान कोणत्याही बचावातून वाट काढणारच, असे राजकारणी उघडपणे बोलत होते. सदासर्वकाळ आकाशात गस्त घालायची, तर तेवढी विमाने, वैमानिक आणि इंधन आणायचे कोठून? हवाई मंत्रालयाने हेन्री टिझार्ड यांच्या अध्यक्षतेखाली शास्त्रज्ञांची समिती नेमली, ती या विवंचनेतून.

त्या सुमारास मृत्युकिरणांच्या वावड्या उठत होत्या. रेडिओ लहरींनी वैमानिकाला भाजून काढता येईल काय, असा प्रश्न १९३५ च्या आरंभी वॉटसन-वॉट यांच्याकडे आला. त्यांनी तो आपले सहकारी अर्नोल्ड विल्किन्स यांच्यापुढे मांडला, तोही गणिताच्या रूपात: १ किलोमीटर उंचीवरील ठराविक पाणी ठराविक अंशांनी तापवायला किती शक्ती लागेल? विल्किन्स यांनी आकडेमोड करून हे अशक्य असल्याचे दाखवले. मात्र विमाने जवळून गेली की रेडिओ संदेशात व्यत्यय येतो, ही टपाल खात्याच्या अभियंत्यांची जुनी नोंद त्यांना आठवली. विमान जाळता येत नसेल; पण त्यावरून परतलेली लहर पकडता येईल. वॉटसन-वॉट यांना या सूचनेचे मोल तत्काळ कळले आणि फेब्रुवारीत त्यांनी सविस्तर टिपण सादर केले.

हवाई दलाचे संशोधनप्रमुख ह्यू डाउडिंग यांनी पैसे देण्याआधी प्रात्यक्षिक मागितले. २६ फेब्रुवारी १९३५ रोजी डॅव्हेंट्रीच्या बीबीसी लघुलहरी प्रक्षेपकाच्या लहरींमधून एक हेफोर्ड विमान फिरवण्यात आले. काही मैल दूर एका शेतात उभ्या केलेल्या गाडीत वॉटसन-वॉट आणि विल्किन्स पडद्याकडे पाहत होते. विमान सुमारे १३ किलोमीटर दूर जाईपर्यंत त्याची खूण दिसत राहिली. त्यानंतर निधी मिळाला आणि इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरील ऑर्फर्ड नेस येथे गुप्तपणे काम सुरू झाले. जूनमध्ये २७ किलोमीटरवरचे विमान दिसू लागले आणि वर्ष संपता संपता हा पल्ला शंभराच्या घरात गेला.

यंत्रामागचे तत्त्व सोपे होते. लहरींचा अत्यल्पकालीन झोत सोडायचा आणि प्रतिध्वनी किती वेळाने परततो ते मोजायचे. लहर सेकंदाला ३ लाख किलोमीटर धावते. म्हणून १५० किलोमीटरवरच्या विमानाचा प्रतिध्वनी सेकंदाच्या हजाराव्या भागात परत येतो. हे तत्त्व ब्रिटनची मक्तेदारी नव्हती. जर्मन संशोधक ख्रिस्तिआन ह्युल्समायर यांनी १९०४ मध्येच रेडिओ लहरींनी जहाज हुडकून दाखवले होते. १९३० च्या दशकात जर्मनी, अमेरिका आणि अन्य देशांतही असे प्रयत्न चालू होते. जर्मनांची फ्रेया आणि व्युर्झबुर्ग ही यंत्रे तर घडणीने ब्रिटिश यंत्रांहून सरस होती.

मग ब्रिटनची सरशी झाली कशी? येथे वॉटसन-वॉट यांची वृत्ती कामी आली. सर्वोत्तम यंत्राची वाट पाहावी तर ते कधीच हाती येत नाही आणि त्याखालोखालचे येते तेव्हा वेळ निघून गेलेली असते. तेव्हा तिसऱ्या प्रतीचे का असेना, पण आज चालणारे द्यावे, अशी त्यांची धारणा होती. आखूड लहरींची नेमकी यंत्रे बनवायला काही वर्षे लागली असती. त्यांनी सुमारे १० ते १३ मीटर लांबीच्या लहरी निवडल्या, कारण त्यांचे प्रक्षेपक उपलब्ध तंत्रात बसत होते. परिणामी ११० मीटर उंचीचे पोलादी मनोरे उभारावे लागले. त्यांचा झोत फिरवता येत नसे, उंचीचा अंदाज अनेकदा चुके आणि किनारा ओलांडून आत आलेले विमान या यंत्रांना दिसत नसे. हे सारे दोष स्वीकारून चेन होम नावाची साखळी उभी राहिली आणि १९३९ च्या सप्टेंबरमध्ये युद्ध पेटले तेव्हा सुमारे २० केंद्रे कामाला लागली होती.

उणीव भरून काढली ती माणसांनी. लढाऊ दलाचे सेनापती झालेल्या डाउडिंग यांनी लंडनजवळ बेंटली प्रायरी येथे माहिती गाळण्याची खोली उभारली. प्रत्येक केंद्रातून दूरध्वनीने येणारे आकडे तेथे पडताळले जात, मोठ्या नकाशावर सोंगट्या सरकत आणि काही मिनिटांत योग्य तुकडीला उड्डाणाचा हुकूम मिळे. किनाऱ्याच्या आत निरीक्षक दलाचे स्वयंसेवक दुर्बिणीने पाहून कळवत. पडद्यासमोर आणि नकाशाभोवती बसणाऱ्यांत महिला साहाय्यक हवाई दलाच्या तरुणींचा मोठा वाटा होता. १२ ऑगस्ट १९४० रोजी जर्मनांनी डोव्हर, राय, पेव्हन्सी आणि व्हेंटनर या केंद्रांवर बॉम्ब टाकले. व्हेंटनर बंद पडले. बाकीची काही तासांत पुन्हा सुरू झाली. जाळीदार मनोरे स्फोटाने पडत नाहीत, हे पाहून गोरिंग यांनी तीन दिवसांनी या हल्ल्यांची उपयुक्तताच शंकास्पद ठरवली. युद्धातील ही त्यांची मोठी चूक मानली जाते.

यंत्र आणि यंत्रणा यांतला फरक अन्यत्रही दिसून आला. १८ डिसेंबर १९३९ रोजी हेलिगोलंडच्या आखातावर निघालेली ब्रिटिश वेलिंग्टन विमाने जर्मन रडारला वेळेत दिसली होती, तरी ती खबर लढाऊ तुकड्यांपर्यंत पोचायला विलंब झाला. विमाने माघारी फिरताना गाठली गेली आणि लक्ष्यापर्यंत गेलेल्या २२ पैकी निम्म्याहून अधिक गमावली गेली, हा भाग वेगळा. ७ डिसेंबर १९४१ च्या सकाळी हवाई बेटावरील ओपाना केंद्राच्या रडारने जपानी विमाने २०० किलोमीटरहून अधिक अंतरावर टिपली. परंतु ती आपलीच असतील असे समजून सूचना दुर्लक्षिली गेली आणि पर्ल हार्बर बेसावध राहिले. त्यानंतर अमेरिकेच्या हवाई संरक्षणाची पाहणी करण्यासाठी वॉटसन-वॉट यांनाच बोलावण्यात आले. त्यांनी तेथील व्यवस्थेवर कठोर टीका केली.

त्यांच्या साखळीच्या मर्यादा लवकरच उघड झाल्या. १९४० मध्ये जर्मनांनी रात्री हल्ले सुरू केले, तेव्हा अंधारात नेमके विमान गाठायला लांब लहरी पुरेनात. त्यावरचा उपाय बर्मिंगहॅम विद्यापीठातील जॉन रँडल आणि हॅरी बूट यांच्या मॅग्नेट्रॉनमधून आला. त्यामुळे १० सेंटिमीटर लहरींची छोटी रडार यंत्रे विमानात मावली आणि अटलांटिकमधील पाणबुड्यांचा शोध सोपा झाला. त्याच तंत्राने बॉम्बफेकी विमानांना ढगांआडची जर्मन शहरेही दाखवली. छप्पर म्हणून जन्मलेली विद्या अशा रीतीने हातोडा झाली. शास्त्राच्या फळावर कर्त्याचा अधिकार किती थोडा असतो, हे यातून कळते.

१९४२ मध्ये वॉटसन-वॉट यांना सर हा किताब मिळाला आणि दहा वर्षांनी शासनाने त्यांना ५० हजार पौंडांचे पारितोषिक दिले. स्वतःच्या श्रेयाविषयी ते संकोची नव्हते. विल्किन्स यांचे नाव मात्र दीर्घकाळ मागेच राहिले. पुढे काही वर्षे ते कॅनडात होते. तेथे वाहतूक पोलिसांच्या रडारने भरधाव गाडीबद्दल खुद्द त्यांनाच पकडले आणि दंड भरावा लागला, तेव्हा त्यांनी स्वतःवरच विनोदी कविता लिहिली. १९६६ मध्ये त्यांनी कॅथरिन ट्रेफ्युसिस-फोर्ब्स यांच्याशी विवाह केला. नकाशाभोवती बसणाऱ्या त्या तरुणींच्या दलाच्या त्या पहिल्या संचालिका. ५ डिसेंबर १९७३ रोजी इन्व्हर्नेस येथे वॉटसन-वॉट यांचे निधन झाले. २०१४ मध्ये ब्रेखिन येथे त्यांचा पुतळा उभारण्यात आला.

वादळाचा ठाव घेता यावा म्हणून ज्यांनी कामाला आरंभ केला, त्यांची विद्या अखेर वादळाकडेच परतली. आज पावसाळ्यात मुंबई आणि गोव्यातील डॉप्लर रडार समुद्रावरून सरकणारे ढग टिपतात आणि मच्छीमारांना सावध केले जाते. पण पडद्यावरचा ठिपका स्वतः कोणालाही वाचवत नाही. तो वेळेवर वाचणारा, त्यावर विश्वास ठेवणारा आणि पुढच्यापर्यंत पोचवणारा माणूस हवा असतो. वॉटसन-वॉट यांनी उभारलेल्या साखळीतून जगाला मिळालेला धडा हाच, आणि तो कोणत्याही पेटंटपेक्षा टिकाऊ ठरला आहे.